बांध सोडून खोदा

माझं लग्न ठरत होतं तेव्हा मुलाकडच्यांबद्दल आमच्या घरी दोनच गोष्टी कळल्या होत्या. मुलगा छापखान्यात कामाला आहे, आणि मुलाची आई कोर्टात जाते. पहिली गोष्ट माझ्या वडिलांना आवडली. दुसरीने त्यांची झोप उडाली.

"जी बाई वीटभट्टीच्या मालकाला सोडत नाही, ती सुनेला काय सोडणार?" ते आईला म्हणाले.

आईने मलाच विचारलं, "तुला काय वाटतं?"

मला मुलगा आवडला होता. मी म्हटलं, "कोर्टात जाते म्हणजे घरात भांडायला तिला वेळ नसेल."

माझा अंदाज अर्धाच खरा निघाला. सासूबाई घरातही भांडतात, पण मुद्द्याला धरून भांडतात आणि भांडण संपलं की संपलं. नव्या सुनेला बघायला चार बायका येतात, तशा मलाही बघायला आल्या. त्या गेल्यावर सासूबाई म्हणाल्या, "त्यांनी तुला बघून घेतलं. आता तू खड्डा बघून घे." आणि मला शेतावर घेऊन गेल्या.

त्या पुढे, मी मागे. उंच बाई, मान ताठ. तरुणपणी डोक्यावर विटा वाहिलेल्या बायकांची असते तशी. चालताना त्या मागे वळून बघत नाहीत. आपण येतोय असं धरूनच चालतात. वांग्यांचे वाफे ओलांडले, घेवड्याचा मांडव ओलांडला, आणि एकदम जमीन संपली. समोर सरळ तुटलेला कडा आणि खाली विहिरीएवढा खोल, पण पार पलीकडच्या रस्त्यापर्यंत पसरलेला खड्डा. तळाशी पिवळट पाणी साचलेलं. पोकलेनचा पिवळा हात त्यातून माती उचलून डंपरमध्ये टाकत होता. आमच्या पायाखालच्या कड्यातून घेवड्याच्या मुळ्या बाहेर लोंबत होत्या.

"इथून पुढे आमच्या चार सऱ्या होत्या," सासूबाई म्हणाल्या. "आता विटा होऊन लोकांच्या भिंतींत आहेत."

त्या दिवशी त्यांनी मला सगळी हकीकत सांगितली. पुढे ती मी इतक्या वेळा ऐकली, वकिलांच्या खोलीत, कोर्टाच्या बाकावर, बाजारात, की आता ती मला माझ्या स्वतःच्या आयुष्यासारखी पाठ आहे.

सासूबाई आणि सासरे दोघंही त्याच भट्टीवर कामाला होते. सासरे भट्टी पेटवायचे आणि जाळ सांभाळायचे. सासूबाई कच्च्या विटा वाहायच्या. त्यांच्याबरोबर त्यांची एक जिवाभावाची मैत्रीण होती. तिचा हात साच्यावर इतका चालायचा की तिला सगळे साचेवाली म्हणत. मी तिला मावशी म्हणते. एकीने वीट थापायची, दुसरीने ती सुकल्यावर वाहायची, आणि दिवसभर दोघींनी एकमेकींची थट्टा करायची. थोरले मालक, म्हणजे आताच्या मालकाचे वडील, कडक होते पण शब्दाचे पक्के. सासू-सासऱ्यांनी बरीच वर्षं पोटाला चिमटा घेऊन साठवलं तेव्हा त्यांनीच भट्टीच्या जमिनीला लागूनचा एक तुकडा त्यांना विकत दिला. हद्दीचे दगड त्यांनी स्वतः उभं राहून पुरून घेतले. प्रत्येक दगडावर छिन्नीने फुलीची खूण करून घेतली.

त्या तुकड्यावर नवरा-बायकोने विहीर खणली. बांधाच्या कडेने लिंबाची झाडं लावली. सासूबाईंनी भट्टी सोडली आणि भाजी पिकवून बाजारात विकायला लागल्या. सासरे मात्र थकेपर्यंत भट्टीवरच होते. घर बांधलं तेही त्याच भट्टीच्या विटांनी.

थोरले मालक गेले आणि कारभार मुलाच्या हातात आला. वडिलांच्या वेळी माती फावड्याने खोदायचे. कंबरेएवढी काढली की पुढे सरकायचे, आणि मागे राहिलेल्या जागेत पुन्हा गवत यायचं. धाकट्या मालकाने यंत्र आणलं. माणसाला खाली खोदताना दम लागतो, यंत्राला लागत नाही. शेजारच्या दोघा-तिघांनी आपली शेतं मातीसाठी भाड्याने दिली आणि खड्डा बघता बघता आमच्या बांधाशी येऊन टेकला. परवानगी होती पुरुषभर खोलीची, तीही शेजारच्या हद्दीपासून चांगलं अंतर सोडून. परवानगीचा कागद मालकाच्या ऑफिसात भिंतीवर काचेत लावलेला होता. बाहेर त्यातलं काहीच पाळलं जात नव्हतं.

आधी विहिरीचं पाणी खाली गेलं. जे पाणी आमच्या विहिरीत यायचं ते आता आधी खड्ड्यात उतरायचं. मग एका पावसाळ्यात, झड उघडल्यावर, सासूबाई शेतावर गेल्या तर कडेचं एक लिंबाचं झाड जागेवर नव्हतं. ते खाली खड्ड्यात उभं होतं. मुळांसकट, मातीच्या गड्ड्यासकट, जसं काही स्वतःच पायऱ्या उतरून गेलं असावं. फांद्यांना लिंबं तशीच लगडलेली.

सासूबाई खाली उतरल्या. सगळी लिंबं तोडली, टोपलीत भरली आणि टोपली घेऊन तडक मालकाच्या ऑफिसात गेल्या. टेबलावर ठेवली.

"ही लिंबं तुमच्या जागेत सापडली," त्या म्हणाल्या. "झाड माझं आहे."

मालक हसला. "काकू, पावसाने झाड पडलं. त्याला मी काय करणार?"

"पावसाने पडलं असतं तर आडवं पडलं असतं. हे उभंच्या उभं खाली गेलंय. त्याच्या खालची माती कुणी काढली?"

"असं करा, शेतच मला देऊन टाका. चांगला भाव देतो. या वयात कशाला राबता?"

"शेत विकायला नाही आले मी. बांध मागायला आले."

ऑफिसातला कारकून फिस्सकन हसला आणि दुसऱ्या दिवसापासून सगळीकडे त्यांचं नाव पडलं, बांधवाली. चिडवायला ठेवलेलं नाव. सासूबाईंना ते इतकं आवडलं की त्या बाजारात स्वतःच सांगायला लागल्या, "बांधवालीची वांगी आहेत, किडकी निघाली तर परत आणा."

त्यांनी तक्रार केली. पाहणीला एक साहेब आले. ते मालकाच्या गाडीतून आले, मालकाच्या ऑफिसात चहा प्यायले, कड्यापासून लांब उभं राहून मान हलवली आणि नैसर्गिक धूप झाली आहे असं लिहून गेले. तेव्हा सासूबाईंनी वकील केली. नुकतीच काम करू लागलेली मुलगी होती. एका जिन्याखालच्या खोलीत बसायची आणि उभी राहिली की तिचं डोकं जिन्याला लागायचं. तिने दावा लावला. खोदकाम थांबवावं आणि भट्टी बंद करावी, अशी मागणी केली. कोर्टाने पाहणी होईपर्यंत सगळ्याच कामाला मनाई केली.

भट्टी थांबली. धुराडं थंड पडलं. आणि चौथ्या की पाचव्या दिवशी भट्टीवरच्या बायका आमच्या फाटकाशी आल्या. सगळ्यांत पुढे साचेवाली मावशी.

"तुझं भागलं," मावशी म्हणाली. "तुला शेत आहे. आम्ही काय खायचं, तुझा बांध?"

सासूबाईंना कुणी बोलून गप्प केल्याचं माझ्या सासऱ्यांनी आयुष्यात तेवढं एकदाच पाहिलं. त्या फाटकाला धरून उभ्या राहिल्या. बायका परत गेल्या. पुढे मालकाने वरच्या कोर्टातून मनाई उठवून आणली, भट्टी सुरू झाली, पण दोघी मैत्रिणींचं बोलणं तुटलं ते तुटलंच. रस्त्यात समोरून सासूबाई दिसल्या की मावशी रस्ता ओलांडून पलीकडे जायची.

मी लग्न होऊन आले ती या सगळ्याच्या मधोमध. विहिरीच्या दोराला दुसरा दोर गाठ मारून जोडलेला होता. सासरे माणूस शांत. आयुष्य जाळासमोर काढलेलं, त्यामुळे घरात त्यांना गारवा हवा असायचा. ते रोज जेवताना एकदा तरी म्हणायचे, "अगं, सोड आता. आपण कुठे पुरे पडणार?"

सासूबाई विचारायच्या, "तुम्ही भट्टी पेटवायचात तेव्हा अर्धी भाजली की निघून यायचात का?"

सासरे पुढचा घास घ्यायचे.

माझ्या नवऱ्याला छापखान्यात पाळ्या असायच्या, म्हणून तारखेला सासूबाईंबरोबर मी जायला लागले. कोर्टाच्या व्हरांड्यात एक लांबलचक बाक होता, मधे खचलेला. त्यावर बसलेली सगळी माणसं हळूहळू घसरत मध्यावर यायची, वादी आणि प्रतिवादी एकत्र. सासूबाई पिशवीतून घेवडा न्यायच्या आणि निवडत बसायच्या. शिपायाने हटकलं तर म्हणाल्या, "कचरा करत नाही, देठं पिशवीत टाकतेय. तुमची तारीख मिळेपर्यंत माझी उद्याची भाजी तयार होते." मालकाचे वकील दर खेपेला नवं कारण काढून पुढची तारीख मागायचे. त्यांच्या नात्यात इतकी माणसं आजारी पडायची की एकदा सासूबाईंनी मनापासून चौकशी केली, "आता कशी आहे तब्येत? घरात कुणी काळजी घ्यायला आहे ना?" वकील गोरेमोरे झाले. पुढच्या वेळी कारण म्हणून त्यांनी स्वतःची सर्दी सांगितली.

मला आधी वाटलं होतं की सासूबाईंना भांडणाची हौस आहे. हळूहळू लक्षात आलं, हौस नव्हती. तारखेच्या आदल्या दिवशी त्यांना जेवण जायचं नाही. पिंजऱ्यात उभं राहायचं म्हणून त्या घरात, भांडी घासताना, उत्तरं पुटपुटायच्या. भीती वाटायची त्यांना, आणि भीती वाटत असूनही जायच्या. तेव्हापासून मी कुणी विचारलं तर छाती पुढे काढून सांगायला लागले, हो, माझी सासू कोर्टात जाते.

मग कडा कोसळला.

भर दुपारची वेळ. मी डबा घेऊन शेतावर गेले होते. धान्याचं पोतं माळ्यावरून पडावं तसा दबका आवाज झाला आणि पायाखाली जमीन थरथरली. खड्ड्यातून धूळ वर आली, तिच्यामागून बायकांचं ओरडणं. यंत्राला कड्याच्या अगदी पायथ्याची माती नीट निघत नव्हती, म्हणून ती फावड्याने ओढायला बायकांना तिथे उभं केलं होतं.

सासूबाईंनी विहिरीची शिडी उचलली. मी दुसरं टोक धरलं. आम्ही शिडी खाली सोडली आणि मी काही बोलायच्या आत त्या अर्ध्या उतरल्याही होत्या. वरून अजून ढेकळं सुटत होती. खाली मावशी होती, कंबरेपर्यंत गाडलेली, चेहरा मातीने पांढराफट. सासूबाईंनी फावडं हातात घेतलं नाही. लागेल म्हणून हातांनीच माती उपसायला लागल्या, भराभर, कुत्रं उकरतं तशी. मग बाकीच्या बायका धावल्या, यंत्रावरचा माणूस उतरून आला, मीही उतरले. मावशीला बाहेर ओढलं तेव्हा तिचा एक पाय गुडघ्याखाली भलतीकडेच वळलेला होता. आम्ही तिला बाजूला नेऊन ठेवलं आणि कड्याचा आणखी एक तुकडा, आत्ता जिथे आम्ही होतो तिथेच, धबकन खाली आला.

मालकाने सगळ्यांना सांगितलं की बाई विटा वाहताना पाय घसरून पडली.

सासूबाई दवाखान्यात गेल्या. मी बरोबर होते. लांब खोलीत ओळीने खाटा, खिडकीपाशी मावशी, पाय प्लास्टरमध्ये टांगलेला. मावशीच्या केसांत अजून माती होती. सासूबाईंनी पिशवीतून फणी काढली, खाटेच्या कडेला बसल्या आणि तिचे केस विंचरायला लागल्या. माती चादरीवर पडत होती.

बऱ्याच वेळाने मावशी म्हणाली, "तुझ्या बांधाची माती आहे ती."

सासूबाई म्हणाल्या, "घरी जाताना परत देऊन जा."

मावशीचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडतेय. ती हसत होती, आणि प्लास्टर हलून दुखत होतं म्हणून मधेच कण्हत होती.

आमच्या वकीलबाईंना हे कळल्यावर त्या खुर्चीतून उठल्या आणि त्यांचं डोकं जिन्याला लागलं. "त्यांना साक्षीला आणा," त्या डोकं चोळत म्हणाल्या. "आतून काम करणारं माणूस बोललं तर आपली बाजू पक्की."

"नाही," सासूबाई म्हणाल्या.

"का?"

"तिचं घर त्या भट्टीवर चालतं. साक्ष दिली तर काम जाईल. तिच्या पोटावर पाय देऊन मला बांध नको."

परत येताना मी वाद घातला. म्हटलं, "आई, तुम्ही जीव धोक्यात घालून तिला बाहेर काढलंत. तेवढं मागायला काय हरकत आहे?" त्या चालता चालता थांबल्या आणि पहिल्यांदाच मागे वळून माझ्याकडे बघितलं. "मागायचं असतं तर वर उभी राहून आधी कबूल करून घेतलं असतं," म्हणाल्या. मी पुढे तो विषय काढला नाही.

त्यांच्या उलटतपासणीची तारीख आली. मालकाचे वकील त्या दिवशी ठणठणीत होते. त्यांनी कोट सरळ केला आणि गोड आवाजात विचारलं, "तुमचं घर पक्कं आहे ना?"

"हो."

"विटा कुठल्या?"

"याच भट्टीच्या."

वकिलांनी न्यायाधीशांकडे बघितलं. "म्हणजे या मातीच्या विटांनी तुम्ही स्वतःचं घर बांधलंत, आणि आता दुसऱ्यांची घरं बांधायला माती काढू नये म्हणता?"

सासूबाईंनी पिंजऱ्याच्या कठड्यावर दोन्ही हात ठेवले.

"चांगल्या विटा आहेत त्या," त्या म्हणाल्या. "त्यातल्या कितीतरी मी डोक्यावरून वाहिल्यात. माझ्या नवऱ्याने भाजल्यात, माझ्या मैत्रिणीने थापल्यात. लोकांची घरं व्हायला पाहिजेत, साहेब. भट्टी बंद करा असं मी म्हणतच नाही. बांध सोडून खोदा म्हणते. परवानगी आहे तेवढं खोल खोदा म्हणते. एवढं केलं तर माझं शेतही राहील आणि त्यांची भट्टीही."

न्यायाधीशांनी मान वर केली. "अर्जात तर भट्टी बंद करायची मागणी आहे."

"अर्ज वकीलबाईंनी लिहिला, साहेब. तेव्हा मी रागात होते, म्हणून वाचून दाखवला तेव्हा मीही हो म्हटलं. आता मी हे म्हणते."

आमच्या वकीलबाईंचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. बाहेर आल्यावर त्या म्हणाल्या, "आई, आपलीच मागणी तुम्ही भर कोर्टात खोडलीत."

"मग अर्ज बदला," सासूबाई म्हणाल्या. "तुम्ही शिकलेल्या आहात, तुम्हाला येईल."

वकीलबाईंना आलं. दुरुस्तीचा अर्ज त्यांनी त्याच आठवड्यात दिला आणि नंतर त्या स्वतःच म्हणायला लागल्या की नवी मागणी जुनीपेक्षा जास्त पक्की आहे.

त्या दिवशी कोर्टात भट्टीचा तो फिस्सकन हसणारा कारकूनही बसला होता. बांधवाली काय बोलली ते संध्याकाळपर्यंत भट्टीवर पोचलं. पुढच्या तारखेला आम्ही व्हरांड्यात बसलो होतो, सासूबाई घेवडा निवडत होत्या, आणि जिन्यावर काठीचा आवाज आला. मावशी एकेक पायरी चढत वर आली. दम खाल्ला. बाकावर सासूबाईंच्या शेजारी बसली, एक शेंग उचलून तिचा दोर ओढला आणि वकीलबाईंना म्हणाली, "माझं नाव घाला."

सासूबाई म्हणाल्या, "तुला कुणी बोलावलंय?"

"कुणी नाही. म्हणून तर आले."

तिच्या साक्षीच्या दिवशी पिंजऱ्यात चढायला तिला शिपायाने हात दिला. तिने सगळं सांगितलं. यंत्र कुठपर्यंत येतं, खोली किती जाते, कड्याखाली त्यांना कशाला उभं केलं होतं. मालकाच्या वकिलांनी मधे पडून म्हटलं की हद्द नेमकी कुठे होती हेच सिद्ध झालेलं नाही, हद्दीचे दगड जागेवर नाहीतच.

"नसणारच," मावशी म्हणाली. "त्यातला एक मीच उचलला. मुकादमाने सांगितलं, उचल. पाण्याच्या टाकीजवळ ठेवलाय, आम्ही त्याच्यावर बसून जेवतो. बाकीचेही तिथेच आहेत. फुली आहे प्रत्येकावर."

वकिलांनी शेवटचं विचारलं, "तुम्ही यांच्या मैत्रीण, बरोबर?"

मावशीने थोडा विचार केला. "होते. मधे नव्हते. आता आहे."

कोर्टाने पाहणीसाठी आपला माणूस पाठवला. हा स्वतःच्या गाडीतून आला, आणि मोजणी करणाऱ्यांना घेऊन आला. दगड टाकीजवळ होते. जुन्या मोजणीवरून त्यांच्या मूळ जागा काढल्या तेव्हा त्यातल्या बऱ्याचशा खड्ड्याच्या हवेत निघाल्या. मोजणीवाल्याला खुंटी ठोकायला जमीनच नव्हती.

निकालाच्या दिवशी माझ्या नवऱ्याने पाळी बदलून घेतली. सासरेही आले. आयुष्यात पहिल्यांदा कोर्टात आले होते, चपला बाहेर काढून. न्यायाधीशांनी निकाल वाचला. हद्दीपासून परवानगीतलं अंतर सोडायचं. त्या अंतरात आणि आमच्या हद्दीत जेवढं खोदलं ते मालकाने मातीने भरून द्यायचं आणि कड्याला उतार करायचा. पुढचं खोदकाम परवानगीतल्या खोलीपर्यंतच करायचं. भट्टी चालू राहील. वाचून झाल्यावर सासऱ्यांनी मला हळूच विचारलं, "म्हणजे काय झालं?"

मी म्हटलं, "बाबा, आई म्हणाल्या तेच झालं."

मालकाने अपील केलं. तेही फेटाळलं गेलं. मग त्याने काहीच न करता बसून बघितलं, तेव्हा वकीलबाईंनी हुकमाची अंमलबजावणी मागितली. आणि ज्या डंपरांनी इतकी वर्षं माती नेली होती ते एका सकाळी माती घेऊन परत आले.

सासूबाई ठेवणीतले कपडे घालून कड्यावर उभ्या होत्या. प्रत्येक डंपर आला की हात वर करून थांबवायच्या आणि आत काय आहे ते बघायच्या. एकात पाडलेल्या घरांचा राडारोडा निघाला, तुटक्या फरश्या, सळ्यांचे तुकडे. त्यांनी ड्रायव्हरला खाली उतरवलं.

"हे काय आहे?"

"भर आहे, काकू."

"निकालात माती लिहिलंय. फरशी लिहिलेली नाही. वळव."

ड्रायव्हरने मालकाला फोन लावला, दोन मिनिटं ऐकून घेतलं, आणि गाडी वळवली. पुढचा डंपर चांगल्या मातीचा आला. कामगार खाली उभं राहून बघत होते आणि कुणीतरी शिट्टी वाजवली. सासरे मागच्या बाजूला लिंबाच्या सावलीत बसले होते. त्या दिवसापासून ते केस कापायला गेले की न्हाव्याला, शेजारच्या खुर्चीतल्या गिऱ्हाइकाला, सगळ्यांना सांगायला लागले, "आमच्या हिने पहिल्यापासून सांगितलं होतं, सोडायचं नाही."

लगेच सगळं जागेवर आलं असं नाही. भरलेल्या मातीत पहिल्या हंगामाला तणसुद्धा धड उगवेना. सासूबाईंनी तिथे शेणखत ओतलं, मूग पेरून तो तसाच जमिनीत गाडला, पुन्हा पेरला. विहिरीत पाणी हळूहळू वर आलं, पण पूर्वीइतकं नाही. मावशीला मालकाने परत कामावर घेतलं नाही. तिला उकिडवं बसून साचा धरताही येत नव्हता. ती आता आमच्या भाजीच्या गाळ्यावर बसते. सासूबाई पिकवतात, मावशी विकते. भाव कमी केला म्हणून एक चिडते, वांगी उशिरा आणली म्हणून दुसरी. गिऱ्हाईक मधे पडलं तर दोघी मिळून त्याला गप्प करतात.

गेल्या वर्षी मालकाने रस्त्यापलीकडे नवी जागा घेतली आणि खोदायची परवानगी मागितली. आसपासच्या शेतकऱ्यांना हरकती सांगायला बोलावलं होतं. आपली शेतं एकेकाळी मातीसाठी देणारेही त्यात होते, आता त्यांच्याही विहिरी खाली गेल्या होत्या. त्यांच्यातले दोघं सकाळीच आमच्या फाटकाशी आले. एक म्हणाला, "काकू, तुम्ही बरोबर चला. आम्हाला बोलता येत नाही."

"मला तरी कुठे येतं," सासूबाई म्हणाल्या आणि चपला घातल्या.

आम्ही पोचलो तर जागेवर मंडप घातला होता, साहेब बसले होते, मालक येरझारा घालत होता. सासूबाईंना बघताच तो थांबला. मग त्याने स्वतः एक खुर्ची उचलली, पुढच्या ओळीत आणून ठेवली आणि रुमालाने पुसली.

"बसा काकू," तो म्हणाला. आवाजात चेष्टा नव्हती.

"बसते नंतर," सासूबाई म्हणाल्या. "आधी खुंट्या कुठे ठोकल्यात ते दाखवा."

मालक पुढे निघाला. त्याच्या बरोबरीने सासूबाई, त्यांच्यामागे ते शेतकरी, आणि त्यांच्यामागे, कागद सावरत, साहेबही उठून चालायला लागले.